पत्रिकेतला साहेब

संत्र्याला फूल आलं की आमच्याकडे पाहुणे वाढतात. गाडीची काच खाली करतात, डोळे मिटून लांब श्वास घेतात आणि म्हणतात, "वा! काय नशीबवान आहात तुम्ही." मी हसते, चहा ठेवते. वास चांगलाच आहे, त्याच्याबद्दल माझी तक्रार नाही. पण त्याच्याबरोबर मला माझं लग्न ठरल्याचे दिवस आठवतात, आणि ते आठवले की माझी मान खाली जाते. आंबिया बहाराचं, म्हणजे थंडी सरताना येणारं, फूल चांगलं पंधरा-वीस दिवस टिकतं. तेवढे दिवस मी घरात उदबत्ती जरा जास्तच लावते. निलेश, माझा नवरा, म्हणतो, "बाहेर एवढा वास सुटला, तुले उदबत्ती कायले पाहिजे?" मी सांगते, डास झालेत.

लग्न ठरलेल्या मुलीला सगळे एकच विचारतात, "खूश आहेस ना?" उत्तर ऐकायला कोणी थांबत नाही, लगेच साडीचा रंग विचारतात. ते बरंच असतं. मला कोणी थांबून विचारलं असतं तर काय सांगणार होते मी? मुलगा वाईट असेल, सासर छळेल, असली भीती मला नव्हती. असती तर ती आईला सांगता आली असती, मावशीजवळ रडता आलं असतं. माझ्या मनात जे होतं ते सांगायचं तर आधी स्वतःबद्दल वाईट बोलावं लागलं असतं. म्हणून मी साडीचा रंग सांगायचे. मोरपंखी.

माझं माहेर राज्याच्या सीमेपलीकडे, सौंसरजवळचं. घरची संत्री, थोडा कापूस. शाळा हिंदीत झाली, घरात मराठी, आणि एम.एस्सी. नागपूरला. सौंसरहून बसने जाताना वसतिगृहातल्या मुलींसाठी मी संत्र्याची पेटी न्यायचे, तेव्हा बागाईतदाराची मुलगी म्हणून काय तोरा होता माझा! पण बागाईतदाराची बायको व्हायचं म्हटलं तर आमच्यातली एकही तयार नव्हती. आणि बोल नुसता मुलींनाच कशाला लावायचा? माझे बाबा सकाळी उठल्यापासून बागेत. पण माझ्यासाठी स्थळ घेऊन कोणी आलं की पहिला प्रश्न त्यांचाच, "पोरगा नोकरीवर हाय का?" दोन शेतकरी मुलं त्यांनीच परत पाठवली. कोणाला काय म्हणणार, आपलेच दात आणि आपलेच ओठ.

निलेशचं स्थळ पांढुर्ण्याच्या मावशीने आणलं. मी सत्ताविशीत होते, सौंसरच्या एका शाळेत विज्ञान शिकवत होते, आणि एव्हाना बाबांनी नोकरीचा प्रश्न विचारणं सोडलं होतं. जानेवारीच्या शेवटी ते दोघं बापलेक आले. निलेशची आई तो कॉलेजात असतानाच गेलेली. घर पांढुर्ण्याच्या पुढे, तिगावकडे. घरात दोघंच, बाग आणि रोपवाटिका. संत्र्याच्या कलमा करणं हा त्यांचा पिढीजात उद्योग. जंभेरीच्या, म्हणजे रानलिंबाच्या, रोपाची साल चिरून त्यात संत्र्याचा डोळा, म्हणजे अंकुराचा तुकडा, बसवायचा, वरून प्लास्टिकची पट्टी बांधायची. निलेशच्या वडिलांचा हात असा की आजूबाजूच्या गावांतून त्यांना डोळे भरायला, म्हणजे असे डोळे बसवायला, बोलावणं यायचं.

बैठकीत निलेश माझ्या समोर बसला होता. उंच, सावळा, हसताना जरा लाजणारा. त्याने चहाचा कप उचलला आणि मला त्याचा अंगठा दिसला. सुरीने कापला असावा. त्यावर त्याने कलमाचीच प्लास्टिकची पट्टी गुंडाळली होती, घट्ट, नीट गाठ मारून. बोटांच्या टोकांना काळ्या भेगा होत्या, नखांच्या कडेला मोरचुदाचा निळसर डाग. असा हात मी जन्मल्यापासून पाहत आले होते, माझ्या बाबांचाच. तरी मी नजर काढून घेतली, आणि मनात पहिला विचार आला तो नागपूरच्या मैत्रिणींचा. लग्नाच्या फोटोत हा हात माझ्या हातात असणार.

आम्हाला दोघांना मागच्या अंगणात बोलायला पाठवलं. बहार धरायला बाबांनी महिनाभर बागेचं पाणी तोडलं होतं आणि नुकतंच सोडलं होतं. फुलं फुटायला लागली होती. मी शाळेत प्रश्न विचारते तशा आवाजात विचारलं, "बी.एस्सी. ॲग्रीकल्चर केलं, मग नोकरी का नाही पाहिली?"

"पाहिलीच नाही," तो म्हणाला. "बाबा एकटे पडले असते. डोळा भरायले एक मानूस लागते, बांधायले दुसरा. मले आवडतेही ते काम. तुमचं काही विचारायचं असन तं विचारा, मोकळ्यानं."

"नागपूरला राहायला याल?"

"मी नागपुरात काय करू? कुंडीत कलमा लावू?" आणि तो हसला. मलाही हसू आलं. आम्ही हसतोय हे खिडकीतून पाहून मावशीने बैठकीत जाऊन सांगितलं, पोरगी राजी आहे.

राजी होते का मी? खरं सांगायचं तर त्या हसण्यावर होते. तो माणूस मला आवडला होता आणि त्याचं काम सांगायची मला लाज वाटत होती. ही दोन्ही वाक्यं माझ्यात एकाच वेळी खरी होती, आणि त्यातलं दुसरं मी तोंडावर येऊ देत नव्हते. नकार द्यायची हिंमत असती तर निदान प्रामाणिक तरी ठरले असते.

साक्षगंध झालं आणि लग्न एप्रिलच्या शेवटी धरलं. त्या दोन-अडीच महिन्यांत माझं कशातच चित्त नव्हतं. शाळेत परीक्षा चालू होत्या. मी वर्गात फेऱ्या मारायचे आणि मुलांच्या पाठीकडे बघत विचार करायचे, आपण या माणसाला फसवतोय. संध्याकाळी त्याचा फोन यायचा. तो सांगायचा, आज किती डोळे फुटले, कोणत्या रांगेला पाणी जास्त झालं. मी हं हं म्हणायचे. फोन ठेवल्यावर मन भांडायला उठायचं. पहिलं मन म्हणायचं, एवढा साधा माणूस मिळायला भाग्य लागतं. दुसरं म्हणायचं, तुझ्या मैत्रिणी कुठे आणि तू कुठे. सासूविना घर, तिथे माझं कसं होईल, हे प्रश्नही होते. पण ते मी मुद्दाम मोठे करून बघायचे, कारण ते चारचौघांत शोभणारे होते.

मैत्रिणींच्या ग्रुपवर विचारणा सुरू झाली. जिजू काय करतात? एकीचा नवरा पुण्यात, एकीचा बेंगळुरूला. मी 'शेती' लिहिलं. पुसलं. 'कलमांची रोपवाटिका आहे' लिहिलं. तेही पुसलं. शेवटी लिहिलं, 'हॉर्टिकल्चरमध्ये आहेत.' खोटं नव्हतं ते. लगेच एकीचं उत्तर आलं, 'ऑफिसर? वा, छुपी रुस्तम!' मी नुसता हसरा चेहरा पाठवला. माझ्या संसाराची पहिली थाप मी न बोलता मारली.

आमच्या भागात पत्रिका वाचायची एक रीत आहे. गणपती, कुलदैवत, मुहूर्त यांच्यावरून नजर सरकत जाते आणि नवरदेवाच्या नावाखाली कंसात काय लिहिलंय तिथे थांबते. तिथे शिक्षण आणि नोकरी छापतात. ज्याला नोकरी नाही त्याचा कंस शिक्षणावरच बंद होतो आणि बायका एकमेकींकडे बघतात. निलेशने मजकूर पाठवला त्यात स्वच्छ लिहिलं होतं, 'बी.एस्सी. कृषी, प्रगतिशील शेतकरी.' पत्रिकेचं काम बाबांनी माझ्यावर सोपवलं, शिकलेली म्हणून. छापील पत्रिकेला मी हात लावला नाही. छपाईवाल्याने मोबाइलवर पाठवायची म्हणून एक वेगळी करून दिली, त्यात मात्र मी त्याला म्हटलं, "एक ओळ बदला." त्याने विचारलं, काय टाकू? मी म्हटलं, "उद्यान अधिकारी." त्याने मान वर करून पाहिलंही नाही, टाकून दिलं.

ती मी फक्त मैत्रिणींना पाठवली. आता हसू येतं. एम.एस्सी. झालेली बाई, आणि मोबाइलवरची गोष्ट कुठे जाते हे मला कळू नये! कोणीतरी ती आपल्या मामाला पाठवली, मामाने आणखी कोणाला, आणि लग्नाच्या दोन दिवस आधी ती पांढुर्ण्याच्या बाजारात पोहोचली. निलेशच्या वडिलांना कोणीतरी अडवून म्हणालं, "काय भाऊ, पोट्टा साहेब झाला अन् पेढे बी नाही दिले?" आणि फोन पुढे केला.

माझ्या हळदीचा दिवस होता. दुपार. अंगणात मांडव, बायकांचा कलकलाट, माझे दोन्ही हात कोपरापर्यंत पिवळे. चुलतबहिणीने फोन आणून माझ्या कान आणि खांद्यामध्ये अडकवला आणि डोळा मिचकावून जरा दूर झाली.

"पत्रिका तूच बदलवली ना?" निलेशने विचारलं. आवाज चढलेला नव्हता.

मी बायकांकडे पाठ फिरवली.

"बाबाले मी सांगतलं, मीच टाकायले लावलं म्हनून. तू आता कोनापाशी काही बोलू नको. एकच सांग मले. लगन करायचं हाय ना तुले? नसन करायचं तं आताच सांग. मी सांभाळून घेईन."

हळद वाळून कातडी ओढत होती. बायका गाणी म्हणत होत्या. त्या क्षणी मला त्याच्याशीच लग्न करायचं होतं, आधी कधी वाटलं नव्हतं एवढं. मी म्हटलं, "हो." पण त्यापुढे आणखी एक वाक्य म्हणायचं होतं, 'तुमच्या बाबांना मी स्वतः सांगते.' ते मी म्हटलं नाही. माझ्या सगळ्या शंका त्या फोनपाशी संपल्या आणि माझी लाज तिथून सुरू झाली.

लग्नात निलेशच्या वडिलांनी मुलाच्या डोक्याला फेटा बांधला नाही. ते काम निलेशच्या मावसोबांना, त्याच्या मावशीच्या नवऱ्याला, सांगितलं. लोकांना वाटलं, मुलाची आई नाही, बापाचं मन भरून आलं असेल. मला सासरी आल्यावर निलेशकडून कळलं, ते त्याला एवढंच बोलले होते, "माह्या हातानं तुले शिकवलं. त्याच हाताची लाज वाटली तुले?" त्यानंतर त्यांनी त्याचं नाव घेणं सोडलं.

सासऱ्यांना आमच्याकडे मामाजी म्हणतात. मामाजी निलेशला साहेब म्हणायला लागले. "साहेब उठले का?" "साहेबाले चहा दे." "आम्ही काय बाप्पा, मातीतले मानसं, साहेबाले इचारा." येणारे-जाणारे हसायचे, म्हातारा मुलाची गंमत करतोय म्हणून. निलेशही हसल्यासारखं करायचा. मामाजी डबा घेऊन सकाळीच रोपवाटिकेत जाऊ लागले, दुपारी तिथेच जेवायचे. रात्रीचं जेवण ते दिवे लागताच उरकायचे, निलेश यायच्या आत. मी दोघांना वेगवेगळं वाढायचे.

पहिल्या आठवड्यातच मी निलेशला म्हटलं, मी सांगते त्यांना. तो म्हणाला, "राहू दे. नवी नवरी तू, तुह्यावर राग काढतीन. बाबाचा राग चार दिवसांत जाते." चार दिवस झाले, चार महिने झाले. मग सांगणं अवघड होत गेलं, कारण एव्हाना मामाजींचा माझ्यावर जीव जडला होता.

त्याचं कारणही तसंच. बापलेकांची जोडी तुटल्यावर मामाजींनी आपल्या हाताखाली पट्टी बांधायला गावातल्या सिंधूबाईला मजुरीवर घेतलं आणि रोपवाटिकेच्या दुसऱ्या टोकाला जाऊन बसले. निलेशकडे बांधायला माणूस उरला नाही. मी पांढुर्ण्याच्या शाळेत नोकरी धरली होती, दुपारी रिकामी असायचे. मी जाऊन बसले. गुडघे मुडपून, रांगेत. पहिल्या दिवशी पट्टी सुटत होती, तिसऱ्या दिवशी नखं दुखली, आठवड्यात बोटांना भेगा पडल्या. मामाजी लांबून बघायचे. संध्याकाळी ओट्यावर कोणी आलं की माझ्याकडे बोट दाखवून सांगायचे, "एवढी शिकली ही पोरगी, पन मातीची लाज नाही तिले. नाही तं आमचे साहेब!" मी आत भाकरी थापत असायचे. तवा तापलेला असायचा आणि मी तशीच उभी राहायचे. ज्या जागेवर बसल्याबद्दल माझं कौतुक होत होतं, ती जागा मामाजींची होती, आणि तिथून त्यांना मीच उठवलं होतं.

चोराच्या मनात चांदणं म्हणतात. निलेश चिडला की वाटायचं, आता बोलून टाकेल. तो कधीच बोलला नाही. एकदा मीच भांडले त्याच्याशी, "तू असा गप्प का बसतोस?" तो म्हणाला, "मी बोललो तं तुलेच लागन ना." मग मी दोन दिवस माहेरी जाऊन आले, काही कारण नसताना. बाबांनी विचारलं, "सुखी हाय ना बेटा?" मी म्हटलं, खूप. तेही खरं होतं.

अशी चार वर्षं गेली. दरवर्षी थंडी सरताना फुलं आली, दरवर्षी मी ठरवलं, यंदा सांगू. दरवर्षी मामाजी ओंजळभर गळलेली फुलं माझ्यासाठी देवापाशी आणून ठेवायचे आणि मला ते शब्द गिळावे लागायचे.

यंदा फुलं आली तेव्हा मी मामाजींचा डबा घेऊन गेले होते. ते सुरी दगडावर घासत होते. सिंधूबाई पाणी प्यायला उठली होती. मी सहज त्यांची रांग पाहत गेले आणि थांबले. कलमात देठाचा खुंट खाली हवा आणि डोळा त्याच्या वर. पंधरा-वीस रोपांना डोळा उलटा बसला होता. नवशिकाही अशी चूक दोनदा करत नाही. ही मामाजींची रांग होती.

सिंधूबाईला बाजूला घेऊन विचारलं. ती कुजबुजली, "दोन हप्त्यापासून असंच करून राहिले. डोळ्याले दिसत नाही वाटते. पन सांगन कोन? मले तं खातीनच."

मी निलेशकडे जाऊन सांगितलं. त्याने हातातलं काम खाली ठेवलं. बापाच्या पाठीकडे पाहिलं. मग म्हणाला, "मी सांगायले गेलो तं म्हनतीन, साहेब आता मले शिकवून राहिले." आणि पुन्हा सुरी उचलली. त्याच्या शेजारी मी बसत होते म्हणून त्याच्या रांगेत चूक झाली तर मी दाखवत होते. मामाजींच्या शेजारी दाखवणारं कोणी नव्हतं. हे मी केलं होतं.

मी परत गेले आणि मामाजींच्या समोर मातीत बसले.

"मामाजी, पत्रिकेत ते उद्यान अधिकारी मी टाकायला लावलं होतं. निलेशने नाही. त्याला माहीतही नव्हतं."

त्यांची सुरी दगडावर चालत राहिली. मग थांबली. "तूनं?"

"हो."

"काऊन?"

"लाज वाटत होती."

"कायची?"

मला खोटं सापडेना. मी म्हटलं, "निलेशच्या हातांची."

मामाजींनी स्वतःचे हात पाहिले, आधी तळवे, मग पाठ. मी रडत होते, पण त्या रडण्याचा मला त्यांच्यासमोर काही उपयोग करायचा नव्हता, म्हणून मी पदराने तोंड पुसलं आणि मान खाली घालून बसले. ते म्हणाले, "चार वरसं मी त्याले साहेब म्हनलं. अन् तू आयकत राहिली."

"हो."

"त्याच्याच शेजारी बसून."

ते उठले. गुडघ्यावर हात देऊन, हळूहळू. मला वाटलं, घरी निघाले. ते रांगा ओलांडत दुसऱ्या टोकाला गेले आणि निलेशजवळ, मी रोज बसते तिथे, खाली बसले. काय बोलले ते मला ऐकू आलं नाही. मी जवळ गेले नाही. थोड्या वेळाने निलेशचा आवाज तेवढा कानावर आला, "बाबा, आता डोळा मी भरतो, तुम्ही बांधा."

आता ते दोघं एकत्र जेवतात. मामाजींना चष्मा झाला, उलटी रांग निलेशने बापाला सोबत घेऊन दुरुस्त केली. मामाजी त्याला नावाने हाक मारतात. माझ्याशी मात्र ते बोलत नाहीत. रागावून नाही, आदळआपट करून नाही, नुसते बोलत नाहीत. निलेश म्हणतो, "देईन मी समजावून." मी त्याला सांगितलंय, या वेळी मधे पडू नको. रात्री दोघं शेजारी बसतात, मी वाढते. मामाजींना भाकरी हवी असली की ते ताटाकडे बघत म्हणतात, "निलेश, तिले सांग, भाकर आन." निलेश माझ्याकडे बघतो, त्याला सांगवत नाही. मी तोपर्यंत उठलेली असते.